घरातला माणूस ३०२-३०७ (खून, खुनाचा प्रयत्न) सारख्या केसमध्ये आत गेलाय? जामिनासाठी नेमकं काय काय करायचं, पहिल्या दिवसापासून

आधीच सांगतो, मी वकील नाही. चुलतभावाच्या केसमध्ये मॅजिस्ट्रेट कोर्ट, सेशन्स कोर्ट, हायकोर्ट आणि शेवटी जेलचं गेट एवढं सगळं फिरून झालंय, आणि त्या काळात कुणी नीट क्रमाने सांगणारं भेटलं नाही म्हणून हे लिहितोय. गावातल्या भांडणातून सात-आठ जणांची नावं एकाच एफआयआरमध्ये पडतात, त्यातल्या दोघांनी मारलेलं असतं आणि बाकीचे "सोबत होते", अशी केस डोळ्यासमोर ठेवून हे वाचा. तुमच्या केसची कलमं वेगळी असतील तर काही गोष्टी बदलतील, त्या तुमच्या वकिलाला विचारा.

एक गोष्ट मात्र पहिल्यापासून डोक्यात ठेवा. जामीन म्हणजे निर्दोष सुटका नाही. "आमचा पोरगा असं करूच शकत नाही" हे कोर्टाला सांगून काही होत नाही, कारण तो प्रश्न खटल्यात ठरणार असतो. जामिनाच्या वेळी कोर्ट बघतं की गुन्हा किती गंभीर आहे, यात ह्या माणसाची भूमिका नेमकी काय दाखवलीय, हा पळून जाईल का, साक्षीदारांना दमदाटी करेल का, पुरावा बिघडवेल का, आधीचे गुन्हे आहेत का आणि खटला संपायला किती वर्षं लागणार. तुमची सगळी धावपळ ह्या प्रश्नांची कागदावर उत्तरं गोळा करण्यासाठी पाहिजे. ओळखी काढत फिरण्यात पहिले पंधरा दिवस घालवणारे लोक मी लई बघितले.

१. अटकेच्या दिवशी: तीन कागद आणि एक वेळ

अटक केल्यापासून २४ तासांत मॅजिस्ट्रेटसमोर हजर करावं लागतं, प्रवासाचा वेळ सोडून. म्हणून अटक किती वाजता झाली ते लिहून ठेवा, आणि पोलिसांनी घरून कधी उचललं आणि कागदावर अटक कधी दाखवली ह्यात फरक असेल तर तोही लिहा. गल्लीत सीसीटीव्ही असेल तर त्याचं फुटेज लगेच मागून ठेवा, बऱ्याच ठिकाणी ते काही दिवसांत आपोआप पुसलं जातं.

कागद कोणते? पहिला एफआयआर. महाराष्ट्र पोलिसांच्या सिटिझन पोर्टलवर बहुतेक एफआयआर टाकलेले असतात, जिल्हा, पोलीस स्टेशन आणि तारीख टाकून शोधा. लैंगिक गुन्हे वगैरे संवेदनशील केस असेल तर तिथे सापडणार नाही, मग वकिलामार्फत कोर्टातून घ्या. दुसरा रिमांड रिपोर्ट, म्हणजे पोलीस कोठडी कशासाठी मागतायत त्याचा कागद. तिसरा अटकेची कारणं लेखी दिल्याचा कागद.

हा तिसरा कागद हलक्यात घेऊ नका. वरळीच्या बीएमडब्ल्यू अपघाताच्या केसमधून निघालेल्या मिहिर राजेश शहा विरुद्ध महाराष्ट्र शासन ह्या निकालात नोव्हेंबर २०२५ मध्ये सुप्रीम कोर्टाने सांगितलंय की अटकेची कारणं आरोपीला कळेल अशा भाषेत लेखी द्यायला पाहिजेत, लगेच शक्य नसेल तर रिमांडसाठी हजर करायच्या निदान दोन तास आधी तरी. दिली नसतील तर पहिल्याच रिमांडला वकिलाने ते रेकॉर्डवर आणावं. नंतर चार महिन्यांनी आठवून उपयोग कमी.

२. कलमं बघा, कारण कोर्ट त्यावरून ठरतं

१ जुलै २०२४ पासून आयपीसी जाऊन भारतीय न्याय संहिता आलीय आणि सीआरपीसीच्या जागी भारतीय नागरिक सुरक्षा संहिता. लोक अजून ३०२-३०७ च म्हणतात, पण एफआयआरवर खुनाला १०३, खुनाच्या प्रयत्नाला १०९ दिसेल. जुन्या ३४ (समान इरादा) चं झालं ३(५), १४९ (बेकायदा जमाव) चं झालं १९०, आणि १२० ब (कट) चं ६१. घटना १ जुलै २०२४ च्या आधीची असेल तर गुन्ह्याची कलमं जुनीच लागतात.

जामिनाची कलमं अशी बदलली: मॅजिस्ट्रेटसमोरचा जामीन ४३७ चा ४८० झाला, अटकपूर्व ४३८ चा ४८२, आणि सेशन्स-हायकोर्टाचा ४३९ चा ४८३. आपल्याला लागणार तो शेवटचा.

मॅजिस्ट्रेट फाशी किंवा जन्मठेपेच्या गुन्ह्यात सहसा जामीन देत नाही. बाई असेल, अल्पवयीन असेल, आजारी किंवा अपंग असेल तर कायद्यात सवलत आहे, पण खुनाच्या केसमध्ये तिथे फार आशा धरू नका. बरेच वकील अर्ज थेट सेशन्सलाच टाकतात.

आणि एफआयआरवर खालच्यापैकी काही दिसलं तर खेळ पूर्ण वेगळा आहे हे समजा:

- मोक्का (संघटित गुन्हेगारी), युएपीए (दहशतवादविरोधी कायदा), एनडीपीएसमधला (अमली पदार्थ) मोठा साठा, ईडीची मनी लाँड्रिंग: ह्यांत जामिनाच्या जादा अटी आहेत. मोक्का, एनडीपीएस आणि ईडीच्या केसमध्ये तर आरोपी दोषी नाही असं मानायला कारण आहे असं कोर्टाला वाटावं लागतं.
- अॅट्रॉसिटी: अटकपूर्व जामिनाला कलम १८ आडवं येतं, फिर्यादीला नोटीस देऊन त्याचं ऐकावंच लागतं, आणि स्पेशल कोर्टाने नाकारल्यावर हायकोर्टात साधा जामीन अर्ज नाही तर कलम १४-अ खाली अपील करावं लागतं, त्याला मुदत आहे.
- पोक्सो आणि सोळा वर्षांखालील मुलीवरचा अत्याचार: फिर्यादी बाजूची हजेरी लागते, सरकारी वकिलाला नोटीस लागते, तारखा वाढतात.

कलमं मध्येच वाढतात हेही लक्षात ठेवा. १०९ ची केस, आणि दवाखान्यातला जखमी माणूस वारला, की त्याच एफआयआरला १०३ लागतं. मोक्का तर दोन-तीन महिन्यांनी लावल्याची उदाहरणं पेपरमध्ये कायम वाचता. त्यामुळे प्रत्येक रिमांडचा रोजनामा (कोर्टाची त्या दिवसाची नोंद) बघत जा.

३. वकील कसा बघायचा

सेशन्स कोर्टात रोज फौजदारी काम करणारा बघा. नातेवाइकाचा मुलगा चांगला वकील असेल, पण तो जमिनीच्या दाव्यांचं काम करत असेल तर त्याच्याकडून फक्त सल्ला घ्या. फी सरळ विचारा आणि टप्पे ठरवा: सेशन्सच्या अर्जाची किती, चार्जशीटनंतर पुन्हा अर्ज करावा लागला तर किती, खटला चालवायची किती. जामिनाची फी म्हणजे खटल्याची फी नव्हे, ह्यावरून नंतर लई भांडणं होतात.

"साहेबांशी बोलणं झालंय, एवढे दिले की मंगळवारी ऑर्डर" असं सांगणारा भेटला की उठून चालायला लागा. हा माणूस वकीलच असेल असं नाही, कोर्टाबाहेर चहाच्या टपरीवर बसलेला कुणीही असू शकतो. त्याचं गणित सोपं असतं, दहा जणांकडून घ्यायचे, चौघांना जामीन होणारच असतो, त्या चौघांचे ठेवायचे आणि सहा जणांना फिरवत राहायचं.

पैसे नसतील तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचं ऑफिस कोर्टाच्या आवारातच असतं. कोठडीत असलेल्या माणसाला उत्पन्नाची अट न लावता फुकट वकील मिळतो, हा त्याचा हक्क आहे. हेल्पलाइन १५१००. फुकटचा वकील म्हणजे कामचुकार असं आपल्याकडे समजतात, पण आता ह्या कामासाठी पगारी बचाव वकील नेमलेले असतात आणि त्यातले काही खरंच मन लावून करतात.

माणूस जेलमध्ये असेल तर वकीलपत्रावर त्याची सही जेलमध्ये जाऊन घ्यावी लागते आणि त्यावर जेलचा शिक्का-सही लागते. पीसीआर (पोलीस कोठडी) चालू असतानाच कोर्टात हजर केलेल्या दिवशी दोन-तीन वकीलपत्रांवर सह्या घेऊन ठेवल्या तर पुढचे हेलपाटे वाचतात, हायकोर्टासाठी पण कामाला येतात.

४. पीसीआर संपेपर्यंत थांबा, पण हात बांधून नको

पोलीस कोठडी चालू असताना जामीन अर्जाचा फारसा उपयोग नसतो. एकूण पोलीस कोठडी पंधरा दिवसांचीच, पण नव्या कायद्यात ती तुकड्यातुकड्याने पहिल्या ४० किंवा ६० दिवसांत मागता येते. म्हणजे एमसीआर (न्यायालयीन कोठडी, म्हणजे जेल) झाली, हुश्श, असं लगेच म्हणू नका.

ह्या दिवसांत घरच्यांनी करायच्या गोष्टी: आरोपी कायम कुठे राहतो त्याचे पुरावे, नोकरी-शेतीचे कागद, शिकत असेल तर कॉलेजचा बोनाफाईड, आजार असेल तर जुनी फाईल, आई-वडील त्याच्यावर अवलंबून असतील तर त्यांचे दवाखान्याचे कागद. घटनेच्या वेळी तो दुसरीकडे होता असं असेल तर टोल, पेट्रोल पंप, यूपीआय पेमेंट, कंपनीची हजेरी, जे असेल ते. हे सगळं वकिलाकडे द्या आणि व्हॉट्सअॅप ग्रुपवर टाकू नका.

फिर्यादीच्या घरी "मिटवून घेऊ" म्हणत अजिबात जाऊ नका. खून किंवा खुनाचा प्रयत्न आपसात मिटणारा गुन्हाच नाही. आणि तुमच्या जाण्याची दुसऱ्या दिवशी पोलीस स्टेशनला साक्षीदारावर दबाव म्हणून नोंद झाली, की सरकारी वकिलाच्या हातात आयतं कोलीत मिळतं. फिर्यादीकडून "माझी हरकत नाही" असं प्रतिज्ञापत्र आणलं तरी गंभीर केसमध्ये कोर्ट त्याच्याकडे संशयानेच बघतं.

५. नव्वद दिवसांचं कॅलेंडर

हा भाग दोनदा वाचा. फाशी, जन्मठेप किंवा दहा वर्षं वा त्याहून जास्त शिक्षेच्या गुन्ह्यात पोलिसांना चार्जशीट ९० दिवसांत द्यावी लागते, बाकीच्या गुन्ह्यांत ६०. नाही दिली तर आरोपीला जामीन मागायचा हक्क मिळतो, मग गुन्हा खुनाचा का असेना. ह्याला डिफॉल्ट बेल म्हणतात, कलम १८७(३), जुनं १६७(२). हा जामीन मॅजिस्ट्रेटच देतो आणि त्यात गुन्ह्याची गंभीरता बघायची नसते. मोक्का, युएपीएला ही मुदत १८० दिवसांपर्यंत जाऊ शकते, आणि एनडीपीएसच्या मोठ्या साठ्याला ती मुळातच १८० दिवस असते, वर्षापर्यंत वाढूही शकते.

मोजायचं कसं? अटकेच्या तारखेपासून नाही, पहिल्या रिमांडच्या तारखेपासून, आणि तो रिमांडचा दिवस धरून. २०२३ मध्ये सुप्रीम कोर्टाच्या तीन न्यायाधीशांनी कपिल वाधवान यांच्या केसमध्ये हे पक्कं केलंय. उदाहरण घ्या, पहिला रिमांड १ जानेवारीला झाला आणि लीप वर्ष नाही, तर ३१ मार्चला ९० दिवस भरले. त्या दिवसापर्यंत चार्जशीट आली नाही तर १ एप्रिलला सकाळी कोर्ट उघडताना तुमचा वकील अर्ज घेऊन उभा पाहिजे.

सकाळी का, तर हा हक्क मागावा लागतो, आपोआप कुणी देत नाही. तुम्ही अर्ज टाकायच्या आधी पोलिसांनी दुपारी चार्जशीट दाखल केली की हक्क गेला. अर्जावर कोर्टाचा दाखल केल्याचा शिक्का आणि वेळ घ्या. अर्ज आधी आणि चार्जशीट नंतर असेल तर हक्क राहतो, पण ऑर्डर झाल्यावर जामीनदार वेळेत दिले नाहीत आणि मधल्या काळात चार्जशीट आली तर तिथेही गोंधळ होतो. म्हणून जामीनदाराचे कागद ८०व्या दिवसापर्यंत फाईलला लावून तयार ठेवा.

आमच्या भागात बहुतेक वेळा पोलीस ८५-८८व्या दिवशी चार्जशीट देतातच, त्यामुळे ह्याच्याच भरवशावर राहू नका. सीए रिपोर्ट (रासायनिक तपासणीचा अहवाल) यायचा बाकी आहे, चार्जशीट अर्धवट आहे, म्हणून डिफॉल्ट बेल मिळेल असं कुणी सांगितलं तर साधारणपणे मिळत नाही असं धरून चला.

एक गैरसमज मोडून टाकतो. "एक तृतीयांश शिक्षा भोगली की पहिल्यांदा गुन्हा केलेल्याला सोडतात" हे व्हॉट्सअॅपवर फिरतं. कलम ४७९ मध्ये तसं आहे, पण ज्या गुन्ह्याला फाशी किंवा जन्मठेप सांगितलीय त्याला ते लागू नाही.

६. चार्जशीट हातात आली की आधी वाचा

चार्जशीटची प्रत आरोपीला फुकट मिळते, आरोपी हजर झाल्यापासून जास्तीत जास्त १४ दिवसांत द्यावी असं नव्या कायद्यात आहे. चारशे-पाचशे पानांचा गठ्ठा असतो. घरातल्या एका शांत डोक्याच्या माणसाने बसून तो वाचावा, वकील पण वाचेल, पण त्याच्याकडे रोज पंचवीस केसेस असतात आणि गावाची भूगोल-माणसं तुम्हाला माहीत असतात.

वाचताना वहीत नोंदवायचं:

- एफआयआरमध्ये आपल्या माणसाचं नाव आहे का? असेल तर त्याच्या हातात काय दाखवलंय? कोयता, काठी, का नुसतं "इतर साथीदार"?
- साक्षीदारांचे जबाब कधी घेतले? घटनेनंतर लगेच, का महिन्याने? महिन्याने घेतलेल्या जबाबात अचानक त्याच्या हातात हत्यार आलं असेल तर ते अधोरेखित करा.
- पोस्टमॉर्टेम किंवा इंजुरी सर्टिफिकेटमध्ये जखमा कशाने झाल्या लिहिल्यात? काठी दाखवलीय आणि सगळ्या जखमा धारदार हत्याराच्या असतील तर हा जामिनाचा मुख्य मुद्दा होतो.
- त्याच्याकडून जप्ती काय झाली, मेमोरंडम पंचनामा (आरोपीने वस्तू काढून देतो म्हटल्याची पंचांसमोरची नोंद) आहे का, पंच कुठले आहेत.
- ओळख परेड झाली का, आणि त्याआधी त्याचा फोटो पेपरात-मोबाईलवर फिरला होता का.
- सीडीआर (मोबाईल कॉलचं रेकॉर्ड), टॉवर लोकेशन काय सांगतं.
- साक्षीदार एकूण किती. हा आकडा महत्त्वाचा, कारण ७०-८० साक्षीदार असतील तर खटला लवकर संपणार नाही हे कोर्टाला दाखवता येतं.

कोठडीत त्याने पोलिसांपुढे "कबुली दिली" असं पेपरात आलं म्हणून खचू नका, पोलिसांपुढची कबुली पुरावा म्हणून चालत नाही. त्यातून एखादी वस्तू सापडली असेल तर तेवढा भाग चालतो.

७. सेशन्समधला अर्ज आणि सुनावणी

अर्ज दाखल झाला की कोर्ट सरकारी वकील आणि तपास अधिकाऱ्याचं म्हणणं मागवतं, कोर्टात ह्याला सगळे "से" म्हणतात. से यायला एक-दोन तारखा जातातच. आयओ (तपास अधिकारी) रजेवर, बंदोबस्ताला, दुसऱ्या केसला, काहीतरी असतंच. गणपती आणि निवडणूक ह्या काळात अर्ज असेल तर मनाची तयारी ठेवा. से दाखल झाला की त्याची प्रत घ्या, त्यात "आरोपी प्रभावशाली आहे, साक्षीदारांवर दबाव आणेल, फरार होईल" ही वाक्यं ठरलेली असतात. दबावाची एकही तक्रार नोंद नसेल तर ते वकिलाने बोलून दाखवावं.

फिर्यादी किंवा मयताचे घरचे वकील देऊन विरोध करू शकतात, आणि ते बरोबरच आहे, त्यांचाही माणूस गेलाय. सुप्रीम कोर्टाने २०२२ मध्ये लखीमपूर खेरीच्या केसमध्ये हा हक्क स्पष्ट केलाय. कोर्टाच्या व्हरांड्यात त्यांच्याकडे बघून हातवारे, शिव्या, हसणं, काहीही नको. तरण्या पोरांची गर्दी घेऊन कोर्टात जाऊ नका. घरातली दोन मोठी माणसं पुरेत.

चालणारे मुद्दे साधारण असे: भूमिका कमी आहे, त्याच्यासारख्याच आरोपीला आधी जामीन झालाय, तपास संपून चार्जशीट आलीय म्हणजे आता कोठडीची गरज नाही, आधीचा गुन्हा नाही, कायमचा पत्ता आहे, खटला लवकर संपणार नाही. शेवटच्या मुद्द्यावर जावेद गुलाम नबी शेख विरुद्ध महाराष्ट्र शासन हा जुलै २०२४ चा निकाल वकील हमखास देतात, त्यात सुप्रीम कोर्टाने म्हटलंय की गुन्हा कितीही गंभीर असला तरी लवकर खटल्याचा हक्क आहेच, आणि सरकारला खटला चालवता येत नसेल तर त्याने गुन्हा गंभीर आहे म्हणून जामिनाला विरोध करू नये. पण हा मुद्दा दोन-तीन वर्षं आत काढल्यावर जोर धरतो, चौथ्या महिन्यात नाही.

आधीचे गुन्हे असतील तर लपवू नका. सरकारी वकील ती यादी वाचणारच. उलट त्यातल्या कुठल्या केसमध्ये सुटला, कुठली नुसती जुगाराची, हे कागदासकट द्या.

घरात कुणी वारलं, बहिणीचं लग्न आहे, तर तात्पुरत्या जामिनाचा वेगळा अर्ज करता येतो. काही दिवसांपुरता मिळतो किंवा पोलीस बंदोबस्तात नेऊन आणतात, त्या बंदोबस्ताचा खर्च कधीकधी आपल्याला भरावा लागतो.

८. फेटाळला तर हायकोर्ट

सेशन्सला फेटाळणं हे गंभीर केसमध्ये नेहमीचं आहे, घरात रडारड नको. ऑर्डरची नक्कल काढा आणि हायकोर्टाचा वकील बघा. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्गवाल्यांना १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरचं सर्किट बेंच झालंय, मुंबईच्या रात्रीच्या गाड्या वाचल्या. विदर्भाला नागपूर, मराठवाडा आणि खानदेशच्या बऱ्याच भागाला छत्रपती संभाजीनगर, पुणे मात्र अजून मुंबईतच. गोव्याच्या केसेस पर्वरीला.

हायकोर्टात लागतं: एफआयआर, पूर्ण चार्जशीट, सेशन्सची ऑर्डर, वकीलपत्र, आणि मराठी कागदांची भाषांतरं लागतील का ते वकील सांगेल. आधी कुठे कुठे अर्ज केले आणि काय झालं ते अर्जात स्पष्ट लिहावंच लागतं. एक अर्ज लपवून दुसरा टाकला आणि उघड झालं तर जामीन जातो, वर वकिलाचं नाव खराब होतं ते वेगळंच.

बोर्डावर (त्या दिवशीच्या सुनावण्यांच्या यादीत) केस लागायला वेळ लागतो. सप्टेंबर २०२५ मध्ये महाराष्ट्रातल्याच एका प्रकरणात सुप्रीम कोर्टाने जामीन अर्ज शक्यतो दोन महिन्यांत निकाली काढा असं सांगितलंय, पण बोर्ड बघितला की कळतं का उशीर होतो ते. रोज वकिलाला फोन करण्यापेक्षा हायकोर्टाच्या वेबसाइटवर केस नंबर टाकून स्वतः स्टेटस बघा. खालच्या कोर्टाचं ईकोर्ट्स अॅपवर सीएनआर नंबरने (प्रत्येक केसचा वेगळा नंबर) दिसतं.

न्यायाधीशांचा कल नकाराकडे दिसला तर वकील कधीकधी अर्ज मागे घेतो, "सहा महिन्यांत खटला पुढे सरकला नाही तर पुन्हा येण्याची मुभा" घेऊन. घरच्यांना वाटतं वकिलाने माघार घेतली, विकला गेला. तसं नसतं. विरोधात सविस्तर ऑर्डर लिहून घेण्यापेक्षा ही मुभा पुढे जास्त कामाला येते.

९. जामीन झाला! आता जामीनदार

इथे लोक हमखास अडकतात. ऑर्डर शुक्रवारी होते आणि माणूस पुढच्या बुधवारी बाहेर येतो, कारण जामीनदाराचे कागद नाहीत. ऑर्डर नीट वाचा: पीआर बाँड (आरोपीचा स्वतःच्या हमीचा बाँड) कितीचा, जामीनदार एक का दोन, स्थानिकच पाहिजे का. हायकोर्टाने जामीन दिला तरी जामीनदार सहसा खालच्या कोर्टातच द्यायचे असतात.

जामीनदाराने आणायचं:

- आधार, पॅन, रेशन कार्ड, दोन-तीन पासपोर्ट फोटो
- ताजा सातबारा आणि ८-अ, डिजिटल सहीचा. किंवा घराचा उतारा आणि चालू घरपट्टीची पावती
- तहसीलदाराचा ऐपतीचा दाखला, कोर्ट मागतं तिथे
- नोकरदार असेल तर पगाराच्या स्लिप, ऑफिसचं ओळखपत्र; धंदा असेल तर आयटीआर
- आधी कुणाकुणाला जामीन राहिलाय त्याचं प्रतिज्ञापत्र, हे खरं लिहायचं

सगळ्याच्या मूळ प्रती सोबत पाहिजेत. सातबाऱ्यावर सोसायटीचा किंवा बँकेचा मोठा बोजा असेल, किंवा खात्यावर चौदा नावं असतील तर कोर्ट नाक मुरडतं, आधीच दुसरा माणूस बघून ठेवा. नावाच्या स्पेलिंगमध्ये आधार आणि सातबारा जुळत नसेल तर तेही आधी बघा. ऐपतीचा दाखला एका दिवसात मिळत नाही, तलाठ्याचा अहवाल लागतो, त्यामुळे अर्जाची सुनावणी चालू असतानाच तो काढायला टाका.

जामीनदाराला खरं सांगा. आरोपी तारखेला आला नाही, पळाला, तर बाँडची रक्कम त्याच्याकडून वसूल होऊ शकते. मामाला "फक्त एक सही आहे" म्हणून आणू नका.

कोर्टाबाहेर भाड्याने जामीनदार मिळतात, बनावट रेशन कार्ड, बनावट पावत्या घेऊन. त्यांच्या नादी लागू नका. पकडले गेले की जामीनदारावर आणि आणणाऱ्यावर नवा गुन्हा, आणि तुमच्या माणसाचा जामीन रद्द व्हायची वेळ.

जामीनदार लगेच जमत नसेल तर वकिलाला सांगून कॅश बेल मागा. कोर्टाने मान्य केलं तर रोख रक्कम भरून माणूस बाहेर येतो आणि जामीनदार द्यायला चार-सहा आठवडे मिळतात. रक्कम झेपतच नसेल तर ती कमी करून मागता येते. १९७८ मध्ये मोतीराम नावाच्या गवंड्याच्या केसमध्ये सुप्रीम कोर्टाने सांगितलं होतं की गरिबाला न झेपणारी रक्कम आणि दुसऱ्या जिल्ह्याचा जामीनदार चालणार नाही असले हट्ट धरू नयेत. एक महिन्यात जामीनदार देता आला नाही तर कोर्टाने स्वतः अट सैल करायचा विचार करावा, असं २०२३ च्या निर्देशांत आहे. पैशाअभावी अडकलेल्या कैद्यांसाठी केंद्राची मदत योजनाही आहे, विधी सेवा प्राधिकरणात विचारा.

१०. जेलच्या गेटवर

जामीनदार मंजूर झाले की कोर्ट रिलीज मेमो काढतं. तो जेलमध्ये ठरलेल्या वेळेच्या आत पोचला तरच त्या दिवशी सुटका. २०२१ मध्ये शाहरुखच्या मुलाला हायकोर्टाने २८ ऑक्टोबरला जामीन दिला, कागद संध्याकाळी वेळेत आर्थर रोडला पोचले नाहीत आणि तो ३० तारखेला बाहेर आला, मग तुमचं-आमचं काय घेऊन बसलात. आपल्या जेलची वेळ आधी फोन करून विचारा.

मेमो निघायच्या आधी स्वतः वाचा: आरोपीचं आणि वडिलांचं नाव, केस नंबर, गुन्हा नंबर, सगळी कलमं. एखादं कलम राहिलं किंवा "संजय"चं "संजीव" झालं तर जेल परत पाठवतं. दुसऱ्या केसमध्ये वॉरंट असेल तर माणूस सुटत नाही, त्या केसचाही जामीन आधी बघून घ्या.

आणि बाहेर आल्यावर फटाके, गाड्यांची रांग, "भाई आला" चे रील, बॅनर, हे नको म्हणजे नको. असल्या मिरवणुकांवर पोलीस नवे गुन्हे लावतात, आणि तो व्हिडिओ जामीन रद्द करायच्या अर्जाला जोडला जातो.

११. बाहेर आल्यानंतरचे महिने

अटींचा कागद लॅमिनेट करून घरात लावा. दर सोमवारी पोलीस स्टेशनला हजेरी असेल तर हजेरीच्या वहीत सही करून तिचा फोटो घ्या, देत नसतील तर तसा साधा अर्ज आवक शिक्क्यासह देत चला. तालुक्यात-जिल्ह्यात जायला बंदी असेल तर सणाला, जत्रेला, "रात्रीत जाऊन येतो" म्हणून पण नाही. साक्षीदाराला फोन नाही, त्याच्या पोस्टला लाईक सुद्धा नाही. पत्ता आणि मोबाईल बदलला तर कळवा. तारीख चुकणार असेल तर त्याच दिवशी वकिलामार्फत गैरहजेरीचा अर्ज, नाहीतर वॉरंट निघतं.

अटी जाचक असतील तर काही महिने नीट पाळून मग सैल करायचा अर्ज करता येतो. हजेरी आठवड्याची महिन्यावर येते, जिल्हाबंदी उठते, नोकरीसाठी बाहेरगावी राहायची परवानगी मिळते. मुंबई-पुण्यात कामाला असलेल्यांनी हे जरूर करा.

कॅश बेलची रक्कम भरली असेल तर पावती जपून ठेवा, जामीनदार दिल्यावर ती अर्ज करून परत मिळते. पावतीवर ज्याचं नाव त्यालाच मिळते, म्हणून भरताना घरातल्याच माणसाच्या नावाने भरा.